सहाव्या भाषेतली दवंडी

"पाच नकोत, अंजुलो. सहा पाहिजेत," शानो म्हणाला.

मी कर्णा पुसत होतो. नीट उजाडलंही नव्हतं. वस्तीतले कोंबडे अजून आळस देत होते, आणि हा विणकर डोक्यावरून पांढरी चादर ओढून माझ्या दारात उभा. त्याची बायको आसेलेफेच आदल्या संध्याकाळी गेली होती. आज दुपारी माती द्यायची होती.

"सहावी कुठली रे दादा?"

"तिची."

मी कर्णा मांडीवर ठेवला.

आमच्या वस्तीचं मयताचं मंडळ आहे, इदिर म्हणतो आम्ही. कुणी गेलं की मंडप, बाकं, मोठी पातेली मंडळाची, आणि दवंडी माझी. पहाटे कर्णा फुंकायचा, अकरा कोपऱ्यांवर उभं राहायचं, कोण गेलं ते ओरडायचं. पण आमच्या आर्बा मिंच शहरात एका भाषेत ओरडून भागतंय होय? वरच्या गल्लीत गामो, नळाकडे वोलायता, वखारीमागे कोन्सो, खालच्या अंगाला झायसे, आणि पत्र्याच्या नव्या घरांतून सरकारी नोकरीतले अम्हारिकवाले. मंडळाचा नियमच आहे, ज्याच्या भाषेत दवंडी झाली नाही त्याला कळलंच नाही असं धरायचं. मग तो नाही आला तरी त्याला कुणी बोल लावायचा नाही.

पाचही मला येतात. यात माझी हुशारी काही नाही. बाप गामो, आई झायसे. बसस्टँडवर कोन्सोच्या गाड्या भरायचो, तिथे कोन्सो चिकटली. वोलायता पहिल्या बायकोकडून, भांडणापुरती. उरलेली तिच्या आईकडून, तीही भांडणापुरतीच. अम्हारिक पोलिसांकडून.

आणि खरं सांगतो, वीस वर्षं मेलेल्यांची नावं ओरडली की माणूस एक तर दारूला लागतो नाहीतर चेष्टेला. दारू मला सोसत नाही. वस्तीतला तिरुनेह वारला तेव्हा अम्हारिकमध्ये मी ओरडलो, "सज्जन गेला हो." कोन्सोमध्ये ओरडलो, "तुमच्याकडे फुकट ढोसणारा गेला, मडकी वाचली, या." कोन्सो झाडून सगळे आले आणि मंडपात त्यांना हसू आवरेना. आमचे अध्यक्ष मुलुनेहसाहेब, पोस्टातून निवृत्त झालेला माणूस, त्यांनी मला सगळ्यांदेखत ताकीद दिली. पुढच्या वर्षी पुन्हा दिली. त्याच्या पुढच्या वर्षी पुन्हा.

"शानोदादा," मी म्हटलं, "तिची भाषा मला येत नाही. इथे कुणालाच येत नाही."

ती आबाया तळ्यातल्या बेटावरची. एकतीस वर्षांपूर्वी लग्न करून आली. तिची भाषा बायसो. शेजारणींशी मोडकंतोडकं गामो बोलायची, बाजारात त्याहून मोडकं अम्हारिक, आणि एकटी असली की कोंबड्यांशी तिचं तिचं. कुंपणापलीकडून बायका फिदीफिदी हसायच्या. मी तिची नक्कल करायचो. झकास जमायची मला. लोक त्यासाठी कॉफी पाजायचे.

शानो खाली बघत म्हणाला, "शेवटचे नऊ दिवस ती दुसरं काही बोललीच नाही. गामो गेलं, अम्हारिक गेलं. नुसतं तिचं. माझा हात धरून तासन्‌तास. मी आपला हो म्हणायचो. पाणी पुढे केलं की मान हलवायची. काय मागत होती कुणास ठाऊक."

"मग कुणाला तरी बोलवायचंस."

"कुणाला?"

मी पुन्हा कर्णा पुसायला घेतला.

"एकतीस वर्षांत मी एक अक्षर शिकलो नाही. मागावरून उठलोच कधी मी? म्हटलं, ती शिकलीये ना आपली, झालं तर." त्याने चादरीच्या टोकाने नाक पुसलं. "एकदा या गल्लीला ऐकू दे. तिची भाषा म्हणजे नुसती कोंबड्यांना हाकलायची नव्हती. मातीच्या आधी ऐकू दे. बास."

तो गेला. मी पाच भाषांची फेरी केली. अकरा कोपरे, पंचावन्न दवंड्या. दारं उघडत गेली, माणसं बाहेर येऊन हात छातीवर ठेवत गेली. पूर्वी ही फेरी मी शीळ घालत करायचो. आता सातव्या कोपऱ्यावर गुडघा बोलायला लागतो. कुठल्या भाषेत ते विचारू नका.

मग बजाज रिक्षा पकडून तळ्यावर गेलो. बेटावरच्या होड्या सकाळी मासळी टाकायला येतात. त्यात गालेबो असणार हे मला माहीत होतं, आणि तेच तर संकट होतं.

पंधरा वर्षांपूर्वी गालेबो पहिल्यांदा शहरात मासळी घेऊन आला, तेव्हा त्याला अम्हारिक मी शिकवलं होतं. म्हटलं, गिऱ्हाइकाने पैसे दिले की हात जोडायचे आणि म्हणायचं, 'मी गाढव आहे, देव तुमचं भलं करो.' तीन महिने म्हणत होता. फार गोड म्हणायचा. अख्खा बाजार त्याच्याकडून मासे घ्यायचा.

"मास्तर आले," तो जाळ्यातून मान वर न करता म्हणाला. "आज कुठला धडा?"

"आज तू शिकवायचंस."

मी सगळं सांगितलं. त्याचे हात थांबले.

"कुणाची मुलगी ती?"

"शानोची बायको."

"कुणाची मुलगी विचारलं. का थेट शानोची बायको म्हणूनच जन्मली?" मग म्हणाला, "कपाळावर डावीकडे भाजल्याचा डाग?"

"हो."

"गाटोची धाकटी." त्याने जाळं खाली ठेवलं. "मी लहान असताना आम्हाला मक्याची कणसं भाजून द्यायची. त्यातच भाजली."

एकतीस वर्षं मी तो डाग रोज बघत होतो. नक्कल करताना तिथे कोळसा फासायचो.

"तूच चल," मी म्हटलं. "कर्णा मी फुंकतो, तू ओरड."

"दुपारी वारा सुटतो. त्याच्या आत होडी पलीकडे न्यायचीये, तिच्या भावाला सांगायचंय. तिच्या माणसांना मी सांगतो. तुझ्या माणसांना तू सांग."

त्याने चार ओळी दिल्या. पहिलीत तिचं नाव आणि बापाचं. दुसरीत ती निघाली. तिसरीत उठा, तिला पोचवायला चला. चौथी त्याने स्वतःहून जोडली. होडी काठावरून सुटताना मागे राहिलेले म्हणतात ती, एवढंच बोलला.

"गालेबो, खरं शिकवतोयस ना?"

"खोटं शिकवलं तर तुला कळणारे?"

"नाही."

"तुमच्या वस्तीत कुणाला कळेल?"

"नाही."

"मग बस भीत. मी तीन महिने बसलो होतो."

मी पहिली ओळ म्हटली. पण त्याने सोडलंही नाही. वीस वेळा म्हणून घेतलं. "नाकातून नको, पोटातून." "हा काय, शेळीला हाक मारतोयस?" दुसऱ्या ओळीवर मी अडखळायचो, तिथे तो ओल्या हाताने माझ्या पाठीवर ठोका द्यायचा. निघताना दोन मोठे मासे गवताच्या दोरीत ओवून दिले. मंडपातल्या चुलीसाठी म्हणाला.

वस्तीत परत आलो तेव्हा ऊन चढलं होतं. रिक्षात ओळी पुटपुटत होतो, रिक्षावाला आरशातून बघत होता. पहिल्या कोपऱ्यावर मासे खांबाला टांगले, कर्णा फुंकला आणि ओरडलो. पोटातून.

दारं उघडली. एक क्षण सगळे नुसते बघत राहिले. मग वखारीतला कोन्सो सुतार, करायटा, खो खो हसला. त्याच्या मागून बाकीचे.

"अंजुल्या, आजही?"

"हुबेहूब रे. कोंबड्याच तेवढ्या राहिल्या."

"अरे, ही नक्कल नाही," मी म्हटलं. "खरी दवंडी आहे. तिच्या भाषेत."

ते आणखीच हसले. मी 'खरंच' म्हटलं की लोक पोट धरायला मोकळे होतात, ही सवय मीच लावलीये त्यांना. दुसऱ्या कोपऱ्यावर एका म्हातारीने भांड्याचं पाणी माझ्या पायावर फेकलं. "जिवंतपणी सोडलं नाहीस, मेल्यावर तरी सोड तिला." ती बरोबरच बोलत होती, फक्त दिवस चुकला होता. मी चारही ओळी पुऱ्या केल्या आणि पुढे निघालो.

तिसऱ्या कोपऱ्यावर मुलुनेहसाहेब उभेच होते. काळा कोट, हातात छत्री.

"दे तो कर्णा."

"साहेब, ही खरी भाषा आहे. तळ्यावर जाऊन शिकून आलोय."

"कुणाकडून?"

"गालेबोकडून."

"ज्याला तू स्वतःला गाढव म्हणायला शिकवलंस, त्याने तुला खरं शिकवलं?"

"देवाशपथ."

"शपथ तू तिरुनेहच्या वेळीही घेतली होतीस." ते ओरडत नव्हते. दमलेल्या माणसासारखे बोलत होते, आणि त्याचाच जास्त त्रास होत होता. "वीस वर्षं मी तुला सांभाळून घेतलं, अंजुलो. पाच भाषांचा दुसरा माणूस मिळत नाही म्हणून. पण मयताच्या दिवशी तिच्याच नवऱ्याच्या दारासमोर हे? दे."

मी कर्णा दिला. काय करणार? ज्यात माझ्यावर कुणी विश्वास ठेवील अशी सहावी, सातवी कुठलीच भाषा मला येत नव्हती. त्या माणसांच्या जागी मी असतो तर मीही हसलो असतो, आणि माझं हसणं मोठं असतं.

मासे घेऊन मंडपात गेलो. चुलीजवळच्या बायकांनी ते घेतले, पण माझ्याकडे पाहिलं नाही. आत घरात शानो शवपेटीजवळ जमिनीवर बसला होता. रडणाऱ्या बायका थोडा श्वास घेत होत्या.

"झालं?" त्याने विचारलं.

"दोन कोपरे झाले. तिसऱ्यावर साहेबांनी कर्णा काढून घेतला. लोकांना चेष्टा वाटली, दादा. चूक त्यांची नाही."

मला वाटलं, आता हाही मारेल. बरं वाटलं असतं मारलं असतं तर.

"मला आत ऐकू आलं नाही," तो म्हणाला. "इथे म्हण."

"इथे?"

"तिला तरी ऐकू दे."

मी मांडी घातली. एवढ्या जवळून, एवढ्या हळू आवाजात मी आयुष्यात कधी दवंडी दिली नव्हती. पहिली ओळ म्हटली. दुसरी म्हटली. तिसरी म्हटली. आणि चौथी गेली. सकाळपासून ज्या ओळीला मी सांभाळत होतो, ती त्या आरडाओरड्यात कुठे सांडली कुणास ठाऊक. पहिलं अक्षरसुद्धा आठवेना. आणि गालेबो तोवर अर्ध्या तळ्यात.

शानो वाट बघत होता. "एवढंच?"

"एवढंच," मी म्हटलं.

त्याने मान डोलावली. मग माझ्याकडे वळून नीट बसला, कामावर बसतात तसा. "मला शिकव."

पासष्टीचा माणूस. मी शब्द टाकायचो, तो उचलायचा, बोटांनी हवेत सूत जोडल्यासारखं करायचा. पहिली ओळ जमली, तिचं नाव होतं त्यात. दुसरीवर तो अडला, नेमका जिथे मी अडलो होतो तिथेच. "नाकातून नको," मी म्हटलं, "पोटातून." पुन्हा. पुन्हा. घामाने त्याची कानशिलं ओली झाली. भिंतीशी बसलेल्या बायका रडायचं विसरून बघत होत्या.

खांदेकरी आत आले. त्यात करायटाही होता. मुलुनेहसाहेब दारात उभं राहून म्हणाले, "चला, पाद्री थांबलेत." सहा जणांनी पेटी उचलली, खांद्यावर घेतली. शानो उठून उभा राहिला, पण ओठ हलतच होते. त्याची दुसरी ओळ अजून अर्ध्यातच होती.

"साहेब," मी म्हटलं, "जरा थांबा."

मुलुनेहसाहेबांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं, शोधलं काहीतरी. मग शानोच्या ओठांकडे पाहिलं, बराच वेळ. त्यांनी छत्री काखेत घातली आणि हात वर करून खांदेकऱ्यांना थोपवलं.

करायटाने ओझं एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर घेतलं आणि मान खाली घातली.  शानो पुन्हा पहिल्यापासून म्हणायला लागला.