कडी काढलेलं दार

दार उघडेना.

सुताराने बाहेरून खांदा लावून पाहिला, कॅमेऱ्यामागे उभ्या हयवदनने कपाळाला हात लावला, आणि छत्रीखाली बसलेले निर्माते गुंडूराव पुन्हा घड्याळाकडे बघू लागले. बसवनगुडीच्या मैदानात उभी केलेली ती गिरणीची भिंत म्हणजे बांबूंवर ताणलेलं रंगीत कापड, आणि त्यात प्लायवूडचं एक दार. कडी सकाळीच काढून टाकलेली. कोणी शिंकलं तरी आत ढकललं जावं असं ते दार जागचं हलत नव्हतं.

"विद्याधरअण्णा, ऊन उतरायला लागलं," गुंडूराव म्हणाले. "स्वल्प, जरा बघा की."

विद्याधर बघतच होता. शाळांच्या अंगणांत, कामगारवस्तीच्या चौकांत त्याने यल्लव्वाचं नाटक वर्षानुवर्षं केलं होतं. यल्लव्वा खरी बाई. बाया सूत चोरतात म्हणून मालक गिरणीच्या दाराला बाहेरून कुलूप घालायचा. आग लागली त्या दिवशीही घातलं होतं. यल्लव्वा आतून दाराला पाठ टेकून बसलेली सापडली. नाटकात विद्याधर ते दार शेवटपर्यंत बंद ठेवायचा, आणि प्रेक्षक एकमेकांशी न बोलता घरी जायचे.

आता त्याचा पहिला सिनेमा होत होता. गुंडूरावांनी एकच अट घातली होती: मालकाला पश्चात्ताप व्हायचा, त्याने दार उघडायचं आणि यल्लव्वा जिवंत बाहेर यायची. "तिकीट काढून रडायला कोण येतंय ओ?" विद्याधर "सरी" म्हणत कबूल झाला होता. मनात नव्हतं, पण म्हणाला खरा.

आणखी एक चूक त्याने केली होती. यल्लव्वाचं हिरवं लुगडं नाटकासाठी देताना तिच्या आईने, ठकुबाईने, बजावलं होतं, "माझी पोर सवाष्ण गेली. हे जी नेसंल तिला मी पोरीच्या नावानं जेवू घालीन. उपाशी उभी करू नगासा." प्रत्येक प्रयोगाआधी म्हातारी भाकरी बांधून यायची आणि ते लुगडं नेसून यल्लव्वा करणाऱ्या सुनंदाबाईंना "खा, यल्लव्वा" म्हणत घास भरवायची. आजच्या चित्रीकरणाचं विद्याधरने तिला कळवलंच नव्हतं. बदललेला शेवट तिला कुठल्या तोंडाने दाखवणार?

सुनंदाबाईच आतून दार धरून बसल्या असतील, असं वाटून तो तणतणत भिंतीला वळसा घालून मागे गेला. नवा शेवट त्यांनाही पटला नव्हता.

हिरवं लुगडं नेसलेल्या सुनंदाबाई दारापासून लांब, बांबूला धरून उभ्या होत्या. तोंडाला लावलेला रंगसुद्धा उतरल्यासारखा दिसत होता.

"बाई, दार का अडवलंत?"

"मी हातबी लावलं नाही ओ, अण्णा." "तिथं कोण तरी बसलंय. पाठ टेकून."

दारापाशी कोणी नव्हतं. पण प्लायवूड बाहेरच्या अंगाला किंचित वाकलं होतं, आणि खालची भुसभुशीत माती कोणी बसल्यावर दबावी तशी दबत चालली होती. विद्याधरला भीती वाटली, आणि भीतीपेक्षा जास्त शरम वाटली.

"तुम्ही जेवलात, बाई?"

"नाही. सकाळपासनं घासच उतरंना."

तो पुढे आला. "गुंडूराव, दार उघडणार नाही."

"बिजागऱ्या काढायला सांगा की सुताराला."

"सिनेमातच उघडणार नाही. तेव्हा कुणी उघडलं नव्हतं."

गुंडूराव छत्रीखालून उठले. माणूस वाईट नव्हता. "पहिला सिनेमा आहे तुमचा," ते हळू आवाजात म्हणाले. "हाच शेवटचा होईल."

"सरी," विद्याधर म्हणाला.

गुंडूरावांची मोटार धूळ उडवत गेली. कॅमेऱ्यातली फिल्म संपेपर्यंत हयवदन बंद दाराचं चित्रीकरण करत राहिला. मग विद्याधरने सुताराला सायकलवर ठकुबाईला भाकरीसकट घेऊन यायला पिटाळलं.

माणसं पांगली. विद्याधर पुढून दाराला पाठ लावून मातीत बसला. ऊन केव्हाच गेलं होतं, वारा गार होता. थोड्या वेळाने पातळ फळीतून त्याच्या पाठीला ऊब लागली. पलीकडे कोणीतरी संथ श्वास घेत होतं. त्याला आता भीती वाटत नव्हती. ठकुबाई येईपर्यंत तिथून हलायचं नाही, एवढंच त्याने ठरवलं.