बिनदोऱ्याची शिलाई

शिंप्याच्या घरात भरदुपारी मशीन धडधडत होतं, पण सुईखाली कापड नव्हतं आणि सुईत दोराही नव्हता. आतल्या बंद खोलीत थोरली लेक खोकायला लागली, की शिंप्याचा पाय मशीनवर चालू व्हायचा. खोकला गल्लीत ऐकू गेला तर तिचं जुळत आलेलं लग्न मोडेल, म्हणून बायकोने काढलेली ही युक्ती.

"शेजारीण विचारत होती, एवढी गिऱ्हाइकं कुठून आणता हो?" शिंपी म्हणाला.

"म्हणावं, देवाची कृपा. पाय हलवा. परवा पाहुणे यायचेत."

तेवढ्यात दवाखान्याची नर्स दारात आली. घरोघर तिचा एकच प्रश्न.

"मावशी, दोन आठवड्यांहून जास्त खोकला आहे का कुणाला?"

"आमच्याकडे? छे गं बाई. सगळी ठणठणीत."

आतून ठसका आला. मशीन धडधडलं. नर्सने सुईकडे पाहिलं.

"काका, दोरा ओवायचा राहिला वाटतं," ती हळूच म्हणाली. "क्षय असला तरी बरा होतो. थुंकी तपासायची, गोळ्या मध्येच न सोडता पुऱ्या घ्यायच्या. पण बंद खोलीत लपवला, तर एकाचा दुसऱ्याला होतो."

"नावसुद्धा काढू नकोस," बायको म्हणाली. "लेकीबाळींचं घर आहे."

नर्स गेली. शिंप्याचा जीव थाऱ्यावर राहिला नाही. उठला, बसला, पुन्हा उठला. पुन्हा खोकला आला; पण हा आवाज बारीक होता, कोवळा. थोरलीच्या कुशीत झोपणाऱ्या धाकटीचा.

"अहो, मशीन..."

"दोघींचा खोकला झाकेल एवढं मोठं मशीन कुठून आणू?"

"लग्न मोडेल हो."

"मोडलं तर दुसरं जुळवू. पोरी कुठून आणायच्या?"

त्याने खोलीच्या खिडक्या सताड उघडल्या. उजेड पडताच थोरलीने सवयीने उशीत तोंड खुपसलं.

"मोकळी खोक बाळ," बाप म्हणाला. "फक्त तोंडावर रुमाल धर."

समोरून शेजारणीने हाक दिली, "काय हो, आज मशीन बंद?"

"बंद. पोरींना खोकला आहे, दवाखान्यात नेतोय."

बायको क्षणभर उंबऱ्यात घुटमळली. मग धाकटीला कडेवर घेऊन मागून चालू लागली.

ज्याने श्वास दिला, त्याला त्या धडधडीतूनही खोकला ऐकू येतच होता. त्याच्यापासून लपवायचं नव्हतंच. बाबांनो, मग ते मशीन कुणाच्या भीतीने चालत होतं? तुमच्या-आमच्याच ना?