नाव लागलं आणि मी उघडलं

मी बोलतंय, पुढच्या घराच्या कडेचं लोखंडी फाटक. आवाज जरा करकरेल, तेवढं सांभाळून घ्या. बरीच वर्षं माझं तोंड बंद होतं.

लोहाराने मला घडवलं तेव्हा माझ्या दोन्ही झडपा उघडून पाहिल्या आणि समाधानाने म्हणाला, "हातगाडी आरामात जाईल." त्यासाठीच माझा जन्म. माझ्यामागे बोळ आणि बोळाच्या टोकाला मागचं घर. तिथे सुतारबाबा आणि त्यांची लेक, दोघं मिळून लाकूडकाम करायची. जमीन पुढच्या घराची, पण जाण्यायेण्याची वाट मागच्यांची, असं दोन्ही घरं बांधली तेव्हाच ठरलेलं. माझ्यातून पलंग गेले, कपाटं गेली, पाळणे गेले. पाळणा निघाला की बाबा माझ्यावर हलकेच थाप मारायचे.

मग पुढच्या घरात नवा मालक आला. त्याला बोळात कुंड्या मांडायच्या होत्या. एका सकाळी त्याने मला हे भलंमोठं कुलूप ठोकलं. गल्ली त्याला पाठीमागे कुलूपराव म्हणू लागली.

मागच्या घराला उरली फक्त दोन भिंतींमधली सांद, तीही अंग चोरून जायची. पलंगांचे सुतारबाबा स्टुलांवर आले. ताई, म्हणजे त्यांची लेक, पदर खोचून कोर्टात गेली. ती जिंकली. कुलूपराव वरच्या कोर्टात गेला, तिथेही हरला. तरी मी बंदच! निकाल हातात असून वाट नाही, म्हणजे पान वाढलेलं आणि हात बांधलेले.

ताईने निकालाच्या अंमलबजावणीसाठी दरखास्त लावली. कोर्टाचा बेलीफ आला तो माझ्यासमोरच उभा राहिला. आतून एक अनोळखी गृहस्थ बाहेर आले. गावातले औषधवाले.

"हे नाव तुमचं?" बेलीफने कागद पुढे केला.

"छे! त्यांनी घर विकलं मला. ते गेले दुसरीकडे."

"मग फाटक उघडा."

"का म्हणून? कागदात माझं नाव दाखवा."

नाव नव्हतं. बेलीफ आल्या पावली परत गेला. मी कडीसकट खाली झुकलं.

त्याच सुमाराला बाबांनी वाचनालयाचं मोठं टेबल करायला घेतलं. सलग फळीचं, बारा माणसं बसतील असं. ताई कडाडली, "बाबा, हे जाणार कुठून?"

"फाटकातून."

"फाटक बंद आहे!"

"आज बंद आहे," म्हणाले आणि रंधा मारत राहिले.

ताईची वकीलबाई मला पाहायला आली. माझं कुलूप हलवून बघत म्हणाली, "घर विकलं म्हणून निकाल विकला जात नाही. कागदात नाव नाही ना? मग घालू. या औषधवाल्यांनाच दरखास्तीत पक्षकार करा म्हणून अर्ज देऊ."

पुढे कोर्टात काय झालं ते ताईने बोळात उभं राहून बाबांना नक्कल करून दाखवलं. मी कान टवकारून ऐकलं.

औषधवाले छाती काढून म्हणाले, "साहेब, भांडण त्यांचं. मी तर काल आलेला माणूस."

न्यायाधीशांनी विचारलं, "घर बघायला गेलात तेव्हा फाटक दिसलं?"

"दिसलं."

"कुलूप?"

"दिसलं की."

"विचारलं नाहीत कशाचं ते?"

"विचारलं ना! मालक म्हणाले, किरकोळ कुरबुर आहे, कोर्टात चालू आहे."

त्यांच्याच वकिलाने कपाळाला हात लावला. न्यायाधीश म्हणाले, "खटला चालू असताना घेतलेलं घर खटल्यासकट मिळतं. यांचं नाव दरखास्तीत घ्या. निकाल यांच्यावरही बंधनकारक आहे."

बाबा इतके हसले की त्यांना खोकला आला. "बिचारा! खरं बोलून हरला," म्हणाले.

बेलीफ पुन्हा आला. या वेळी त्याने नाव असं मोठ्याने वाचलं की समोरच्या खिडक्या उघडल्या. औषधवाले मान खाली घालून किल्ली घेऊन आले. किल्ली फिरेना. ताईने लोखंड कापायची करवत लावली, बाबांनी बिजागऱ्यांत तेल सोडलं. कुलूप खाली पडलं आणि मी ओरडलं. लोकांना ते करकरणं वाटलं. तो माझा जयघोष होता!

मग टेबल निघालं. अर्धी गल्ली खांदा लावायला धावली. बोळाच्या वळणावर ते कलंडायला लागलं, तेव्हा औषधवाल्यांनी चपला भिरकावल्या आणि एका कोपऱ्याखाली खांदा घातला.

"डावीकडे घ्या, शेजारी!" ताई ओरडली.

शेजारी! हा शब्द या बोळाने किती दिवसांनी ऐकला.

आता मला नवा रंग लागलाय. औषधवाल्यांची खोकीही माझ्यातूनच आत जातात. म्हणतात, फाटक सोयीचं आहे.

एकच विनंती. घर घेताना तुम्ही भिंती ठोकून बघता, नळ सोडून बघता. फाटकाला कुलूप दिसलं, तर शेजाऱ्यालाही दोन शब्द विचारा.

बरं, सरा जरा बाजूला. आतून पलंग येतोय.