अकरावा अंगठा

क्लबचा इतिहास लिहायचं काम हेडक्लार्कांकडे आलं, त्याला कारण त्यांची बायको. रिटायर झाल्यापासून ते घरातल्या प्रत्येक डब्यावर लेबल लावत सुटले होते. मिठाच्या डब्यावर 'मीठ (बारीक)' असं लाल शाईने लिहिलेलं पाहिल्यावर ती थेट कमिटीकडे गेली आणि म्हणाली, याला काहीतरी लिहायला द्या, पण घराबाहेर.

पन्नास वर्षांचा फुटबॉल क्लब. पन्नास वर्षांत कप एकच, तोही समोरच्या संघाची बस वाटेत बंद पडली म्हणून मिळालेला. तरी हेडक्लार्कांनी साठ पानं भरली. त्यातली पाच कपाची होती आणि बसचा उल्लेख कुठेच नव्हता.

छापायला जाण्याआधी कच्ची प्रत काकींकडे आली, कारण क्लब काढला तो काकींच्या नवऱ्याने. तो जाऊन नऊ वर्षं झाली होती. शनिवारी सकाळी काकी खिडकीपाशी बसल्या होत्या, गुडघ्यांत लाकडी चिमटा, चिमट्यात चामड्याचे दोन तुकडे, हातात आरी आणि मेण लावलेला दोरा. सत्तरी उलटली तरी क्लबचा चेंडू त्यांच्याच हातचा. बाजारचा चेंडू पावसात फुगतो, असं त्या म्हणत, आणि बाजारची माणसं उन्हातही.

काकींना वाचता येत नाही म्हणणं अगदी खरं नव्हतं. त्यांना आकडे येत होते, एकपासून अकरापर्यंत. जर्सींच्या पाठीवर कापडी आकडे शिवता शिवता ते शिकले गेले. अकराच्या पुढे जायची वेळ कधी आली नाही. त्यापुढचं सगळं त्या 'अकराच्या वर' या एकाच नावाखाली घालत, आणि एवढ्या शिक्षणावर त्यांना आजवर कुणी फसवू शकलं नव्हतं.

सूनबाई मोठ्याने वाचत होती. बेचाळिसाव्या पानावर तिचा आवाज जरा बारीक झाला.

"'संस्थापकांच्या सहधर्मचारिणींनी चहापाण्याची व्यवस्था पाहून खेळाडूंना मायेची ऊब दिली.'"

आरी थांबली.

"काय दिली?"

"मायेची ऊब."

"आणि पाहिलं काय?"

"चहापाणी."

"त्या माकडांना मी जन्मात एक कप चहा दिला असेल तर हात झडतील माझे. चेंडू शिवले. जर्सी शिवल्या. गोलकीपरच्या चड्डीला मागून ठिगळ लावलं, तेही त्याच्या अंगावर, कारण हाफटाइम दहा मिनिटांचा. तो ओणवा आणि मी सुई घेऊन. तेव्हा हा हेडक्लार्क तिथेच उभा राहून दात काढत होता. चहा कुठून आणला याने?"

"पुढे वाचू का, आई?"

"वाच. बघू, अजून काय काय केलंय मी."

पुढे काकी नव्हत्याच. पुढे होते काकींचे धाकटे दीर. भावजींना सगळा क्लब 'सेंटर' म्हणायचा. ते सेंटर फॉरवर्ड खेळायचे म्हणून हे नाव पडलं, असं इतिहासात होतं. खरं तर खेळ सुरू होताना ते मैदानाच्या मध्यावर उभे राहत आणि खेळ संपेपर्यंत तिथेच सापडत, म्हणून पडलं होतं.

"'अकरा संस्थापकांपैकी आज हयात असलेले ते एकमेव. नोंदणीच्या दिवशी उजव्या हाताला दुखापत असल्याने त्यांनी सहीऐवजी अंगठा उमटवला. त्या अंगठ्याने क्लबचा जन्म पुरा झाला.' उद्या पाटी लागणार आहे ना, आई, अकराही जणांची. आणि धाकट्या काकांचा सत्कार."

काकी हसल्या. सूनबाईने कागद मांडीवर ठेवले. सासू ओरडली की काय करायचं ते तिला आता पाठ झालं होतं. हसली की काय करायचं, ते अजून कळलं नव्हतं.

पन्नास वर्षांपूर्वी याच खोलीत चामड्याच्या पिशव्या शिवायचा कारखाना होता, म्हणजे एक मशीन, सरसाचा डबा आणि नवराबायको. नोंदणीचं ऑफिस दुपारी बाराला बंद व्हायचं. काकींच्या नवऱ्याने दहा सह्या गोळा केल्या होत्या. अकरावी धाकट्या भावाची घ्यायची, तर भाऊ सकाळी दात काढायला गेलेला. तिथे डॉक्टरने नुसता चिमटा हातात घेतला आणि भावजी खुर्चीतच आडवे झाले. दात तोंडात आणि माणूस बाकावर, असं दुपारपर्यंत चाललं. नवरा रजिस्टर काखेत मारून धावत घरी आला. काकी क्लबच्या पहिल्या चेंडूचा शेवटचा टाका घालत होत्या.

"अंगठा दे," तो म्हणाला.

"कशाला?"

"क्लबला. अकरा माणसं लागतात."

"मी खेळू?"

"खेळायचं नाही गं. नुसतं असायचं."

चामड्याला लावायचा काळा रंग समोरच होता. काकींनी अंगठा बुडवला आणि टेकवला. त्याच वर्षी आरी निसटून अंगठा आडवा फाटला होता, त्यामुळे ठशाच्या मधून पांढरी रेघ गेली. नवऱ्याने नाव लिहिलं नाही. बाईचं नाव दिसलं तर ऑफिसवाला हसेल आणि हसता हसता अर्ज परत देईल, अशी त्याला भीती. नाव मागाहून घालू, म्हणाला. मागाहून कप आला, मग तर कप परत मागतील म्हणून तोंडातून शब्द काढू नकोस म्हणाला. काकी गप्प राहिल्या. आधी त्याच्यासाठी, आणि तो गेल्यावर स्वतःसाठी, कारण मागून घेतलेली गोष्ट त्यांना कधीच गोड लागली नाही. पण दर सामन्याला त्या जाऊन बसत, मनातल्या मनात मालकिणीसारख्या. माझ्या अंगठ्यावर ही सगळी माकडं धावतायत, असं वाटून पाठ ताठ व्हायची. त्यातली अकरा दुसऱ्या संघाची असतात, हा हिशेब त्यांनी कधी केला नाही.

आणि बिननावाचा अंगठा पाहून भावजी त्यावर येऊन बसले होते, बसमध्ये कुणी रुमाल ठेवलेली जागा बळकावतं तसे.

"चपला दे," काकी म्हणाल्या. "आणि हे कागद आणि तो काळ्या रंगाचा डबा घे."

क्लबची खोली सायकलच्या दुकानावर होती. लाकडी जिना, भिंतीला टेकून फाटलेलं जाळं, कपाटात तो एकटा कप, त्यात कुणीतरी खिळे ठेवलेले. पेंटर जमिनीवर मांडी घालून पत्र्याच्या पाटीवर नावं रंगवत होता. दहा झाली होती. हेडक्लार्क शुद्धलेखन तपासत उभे होते. भावजी नवा कोट घालून खुर्चीत होते. सत्कार उद्या, पण कोट अंगाला बसायला एक दिवस लागतो, असं त्यांचं म्हणणं.

"या वहिनी," ते म्हणाले. "आता माझंच नाव यायचंय."

"थांबवा ते. हेडक्लार्क, रजिस्टर काढा."

रजिस्टर आलं. पहिल्या पानावर दहा सह्या आणि अकराव्या जागी काळा ठसा. काकींनी आपल्याच इतिहासाचं बेचाळिसावं पान सूनबाईच्या हातून घेतलं, उलटं केलं, अंगठा रंगात बुडवला आणि त्यावर टेकवला. मधून पांढरी रेघ, आडवी, एका बाजूला किंचित वर गेलेली. हेडक्लार्कांनी भिंग काढलं. एकदा रजिस्टर पाहिलं, एकदा पान, मग पुन्हा रजिस्टर.

"आता तुमचा," काकी दिराला म्हणाल्या.

भावजींचा हात कोटाच्या खिशात गेला.

"काढा की. पन्नास वर्षं झाली, दुखापत बरी झाली असेल."

"वहिनी, आता कशाला ते."

"आणि उजवा हात दुखत होता तर अंगठा कुठल्या हाताचा दिलात? का तेवढा अंगठा बरा होता? तुम्ही त्या दिवशी दातवाल्याच्या बाकावर पसरला होतात. दात तरी काढला का पुढे कधी?"

"नाही," भावजी म्हणाले. "आपोआप पडला."

पेंटर खोकल्यासारखं करून पाटीवर वाकला. हेडक्लार्कांची मात्र बोबडी वळायची वेळ आली होती. साठ पानं झाली होती आणि छापखाना सोमवारी उघडणार होता. काही पळवाट निघते का पाहायला ते रजिस्टर पुढेमागे चाळत राहिले, आणि कव्हरच्या आत चिकटवलेला नोंदणीचा छापील कागद त्यांना दिसला. पन्नास वर्षं तिथेच होता. बारीक अक्षर म्हणून कुणी वाचला नव्हता.

"किमान सात सभासद," त्यांनी वाचलं. "अहो, सातच लागत होते. अकरा कुठेच लिहिलेलं नाही."

सात पुरत होते. पण फुटबॉलचा क्लब म्हणजे अकरा माणसं, हे काकींच्या नवऱ्याच्या डोक्यात इतकं पक्कं होतं की त्याने कुणाला विचारलंच नाही.

भावजी खुर्चीत सरळ झाले. "म्हणजे वहिनी, तुमची गरजच नव्हती."

काकी बाकावर बसल्या. पन्नास वर्षं पाठ ताठ ठेवली ती त्या एका अंगठ्याच्या जोरावर. आणि तो माणूस, घामाने निथळत, रजिस्टर काखेत, उन्हातून धावत आलेला. सातावर भागत होतं आणि हा अकरा गोळा करत फिरला. जिवंत असता तर आज त्याची धडगत नव्हती. सूनबाई पाणी आणायला वळली, तिला त्यांनी हाताने थांबवलं.

"सातावर भागतंय ना?" त्या म्हणाल्या. "मग आठवा, नववा आणि दहावा पुसा आधी. मग माझ्याकडे या."

"ते सुकलेत, काकी," पेंटर म्हणाला.

"सुकलेत ना? मग मी काय ओली आहे? पन्नास वर्षं झाली."

यावर हेडक्लार्कांकडे नियम नव्हता. भिंग खिशात ठेवून ते म्हणाले, "बरोबर आहे." आणि भावजींनी कोटाची बटणं काढायला सुरुवात केली, वरून खाली, एकेक.

"मुली येणार आहेत उद्या," ते जमिनीकडे पाहत म्हणाले. "नातीने अख्ख्या वर्गाला सांगितलंय. वहिनी, माझ्या नावावर दुसरं आहे काय? चौदा वर्षं खेळलो. तीन गोल. त्यातला एक आपल्याच संघावर."

"दोन आपल्यावर," काकी म्हणाल्या. "एकाच्या वेळी तुम्ही खाली बसून बूट बांधत होतात. चेंडू तुमच्या डोक्याला लागून आत गेला."

"हो. दोन."

काकींनी दिराच्या कोटाकडे पाहिलं. शिंप्याने डावा खांदा उचलून ठेवला होता, बाह्या बोटांपर्यंत आलेल्या. असा कोट त्यांनी गोलपोस्टलाही शिवला नसता. मग त्यांना नवऱ्याची शेवटची दोन वर्षं आठवली. पाय गेले होते आणि सामने सुटत नव्हते. भावजी त्याला सायकलच्या कॅरिअरवर बसवून मैदानावर नेत आणि सायकल धरून उभे राहत. पूर्ण नव्वद मिनिटं. न हलता. तेवढं काम भावजींना पहिल्यापासून येत होतं.

"सूनबाई, अकराच्या पुढे काय येतं?"

"बारा, आई."

"कसा काढतात?"

"एक आणि त्याच्यापुढे दोन."

"एवढंच? मग पेंटर, काढ बारा. आणि पुढे यांचं नाव. कंसात राखीव."

"आणि अकराव्या जागी काय लिहू?" पेंटरने विचारलं.

हेडक्लार्क पुढे सरसावले. "संस्थापक-पत्नी असं सुटसुटीत..."

"रजिस्टरात जे आहे तेच पाटीवर," काकी म्हणाल्या. त्यांनी पेंटरच्या डब्यात अंगठा बुडवला आणि अकरा आकड्यापुढे पत्र्यावर दाबून धरला. उचलला तेव्हा तिथे पांढऱ्यावर निळा अंगठा होता, मधून आडवी रेघ.

भावजी खुर्चीवरून उठून पाटीपाशी आले. बाराव्या ओळीत आपलं नाव उमटताना त्यांनी पाहिलं. 'राखीव' पूर्ण झाल्यावर ते दोनदा पुटपुटले आणि बटणं परत लावू लागले.

"त्या काळी राखीव खेळाडूला फार मान असायचा," त्यांनी पेंटरला सांगितलं. पेंटर त्या काळी जन्मलाही नव्हता. तो हो म्हणाला.

काकी अंगठा पुसायला फडकं शोधत होत्या. पेंटरचं फडकं रंगाने लडबडलेलं. मग त्यांनी तो भावजींच्या कोटाला, उचललेल्या खांद्यावर, नीट दोन्ही बाजूंनी पुसला.

"वहिनी, नवा कोट आहे."

"बसायला एक दिवस लागतो म्हणालात ना. बसेल."

जिन्याच्या तोंडाशी जाऊन त्या वळल्या. "हेडक्लार्क, तो चहा काढा तेवढा."

"त्या जागी काय घालू?"

"घाला, चहा कधी दिला नाही."

हेडक्लार्कांनी तसंच घातलं. छापील इतिहासात बेचाळिसाव्या पानावर ते वाक्य आहे. ऊब मात्र त्यांनी काढली नाही. काकींना ते पान सूनबाईनेच वाचून दाखवलं, आणि उबेची तेवढी ओळ ती गाळून पुढे गेली.