गाडी जमा करा

अकोल्याच्या बाजारात मी वांग्याची पोती उतरवून राहिली होती. तेवढ्यात वाहतुकीचा शिपाई आला.

"शकुनबाई, बैलगाडी इथं उभी करता येत नाही. दंड भरा."

"माल विकल्याबिगर पैसे कुठून आणू?"

"मग कोर्टात तारखेवर या."

"त्या दिवशी वांगे कोण तोडीन, तुमी?"

तो चिडला. "नाही तर गाडी ठाण्यात जमा करा!"

"हे बेस बोलले," मी म्हटलं. पोती शेजारणीच्या दुकानात टाकली, शिपायाले संग घेऊन गाडी हाकत ठाण्यात नेली अन् कासरा त्याच्या हातात दिला.

"डावा बैल सरकीची ढेप टाकल्याबिगर पाणी पीत नाही. उजवा मारते, जपून राहा. वैरण संध्याकाळी टाका."

"वैरण? आमी कुठून आणू?"

"मले काय विचारता? यंदा पाणी नाही पडलं. कडब्यासाठी मी तहसील कचेरीच्या पायऱ्या झिजवल्या, कोणी उभं नाही केलं."

उजव्यानं शिंग हलवलं. शिपाई मागं सरकला.

"शकुनबाई, घेऊन जा गाडी. दंड माफ."

"माफी कोणं मांगली?" मी ठाण्याच्या पायरीवर बसली. "पावती फाडा. बैल आता सरकारचे आहेत. पहिले त्याईले चारा टाका, मंग बोलू."