पानावर नसलेलं वाक्य

गेल्या सहा वर्षांत मास्तरांनी निदान चारशे वेळा प्रेमाची कबुली दिली होती आणि एकदाही दुसरा टेक लागला नव्हता. परभाषेतल्या मालिकेचा देखणा नायक विमानतळावर धावत यायचा, गुडघ्यावर बसायचा, ओठ हलवायचा, डबिंगमधला मराठी आवाज मास्तरांचा. खुद्द मास्तर म्हणजे टक्कल, चष्मा आणि बायकांसमोर बोबडी वळणारा माणूस. शेजारच्या माईकवर नायिकेचा आवाज देणारी उभी असे. तीही चाळिशी ओलांडलेली, एकटी. तिला सगळा स्टुडिओ ताई म्हणे. मास्तरांच्या ते जिवावर यायचं, म्हणून ते तिला काहीच म्हणत नसत.

आज शेवटचा भाग. उद्यापासून ती शहराच्या दुसऱ्या टोकाला, दुसऱ्या स्टुडिओत जाणार होती. आज बोललो नाही तर जन्मभर हात चोळत बसायचं, हे मास्तरांना पक्कं ठाऊक होतं.

शेवटच्या चुंबनाचा आवाज दोघांनी आपापल्या मनगटावर ओठ टेकवून उरकला. काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट म्हणाला, "दोन मिनिटं थांबा, तपासून घेतो."

मास्तरांनी घसा खाकरला. "मला... तुम्ही फार... म्हणजे, उद्यापासून तुम्ही नसाल तर मला करमणार नाही. आपण लग्न... करूया का?"

ती कागद चाळू लागली. "हे कुठल्या पानावर आहे? आणि नायक तिला तुम्ही कधीपासून म्हणायला लागला? किती अडखळताय मास्तर! पुन्हा घ्या."

मास्तरांना पळवाट तर आयती मिळाली होती. चुकलं म्हणायचं, हसायचं, पिशवी उचलून घर गाठायचं. इतक्या सराईत आवाजाने ऐन वेळी दगा द्यावा, याचा त्यांना संतापच आला.

"पानावर नाहीये," ते म्हणाले. "माझं आहे."

तिचे हात थांबले. हेडफोन काढून गळ्यात अडकवत ती मास्तरांकडे वळली, तेवढ्यात मास्तरांनी मनातल्या मनात नकारही ऐकून घेतला.

"सफाईने म्हणाला असतात ना," ती म्हणाली, "तर विश्वासच बसला नसता. तसलं चारशे वेळा ऐकलंय मी तुमच्याकडून."

"म्हणजे... हो?"

"हो. पण काय हो, सहा वर्षं काय करत होतात?"

छातीवरचा धोंडा उतरला तसे मास्तर मटकन खुर्चीत बसले. "ता... तालीम," ते म्हणाले, आणि अडखळल्याची आज लाजही वाटली नाही.