ठसका

"हनुवटी खाली! आई, आधी हनुवटी खाली घ्या, मग गिळा."

सुनेने चमचाभर सूप तोंडात सोडलं. मावशीने हनुवटी खाली घेतली, गिळलं, आणि तरीही ते जायचं तिथे गेलं नाहीच. ठसका लागला. चेहरा जांभळा पडला, डोळे बाहेर आले. नर्स धावली, पाठीत थापट्या झाल्या, नळी घालून आत गेलेलं ओढून काढलं. श्वास ठिकाणावर आला तसे मावशीचे पहिले शब्द बाहेर पडले, "मीठ कमी आहे."

कारखान्याच्या कँटीनवर या बाईने हयातभर राज्य केलं होतं. तोंडावर सगळे मावशी म्हणत आणि पाठीमागे तोफ. तिला ते ठाऊक होतं, आणि खरं सांगायचं तर आतून आवडतही होतं. पातेल्यात काय कमी आहे ते चाखून सांगायचं आणि कामात कोण कमी पडतोय ते ओरडून सांगायचं, दोन्ही कामं एकाच तोंडाची. अर्धांगाच्या झटक्यात उजवा पाय गेला, तो तिने सोसला. पण घसाही गेला. घास श्वासनलिकेत उतरायचा, छाती भरायची, आणि घरचे आशा सोडायचे. असं दोनदा झालं होतं.

दुपारी डॉक्टरीणबाई आल्या. वयाने नातीसारख्या. हातात प्लास्टिकचा, मधोमध चिरलेला घसा.

"आजी, दोनच वाटा आहेत. एक तर तोंडाने खाणं कायमचं बंद, पोटातून नळी. लाळ छातीत उतरायचा धोका तरीही राहील. नाहीतर स्वरयंत्र काढून श्वासाची वाट वेगळी करायची. मग हवं ते खा. पण आवाज जाईल. परत येणार नाही."

"कोणत्या शहाण्याने बसवलाय हा नळ? वारा आणि अन्न एकाच तोंडातून?"

डॉक्टरीणबाई हसल्या. "माकडांचं स्वरयंत्र वर असतं. तान्ह्या बाळाचंही. त्यामुळे दूध पिताना श्वास फारसा अडत नाही. बाळ वाढतं तसं ते खाली सरकतं, आणि घशात आवाज घडवायला जागा होते. माणूस बोलायला लागला तो त्यामुळेच, असं बरेच अभ्यासक मानतात. सगळे नाही. पण ठसका ही त्या बोलण्याची किंमत, असं म्हणतात."

मावशीने तो घसा हातात घेऊन उलटासुलटा केला. "मग पहिल्यांदा बोललं कोण?"

"शिकारीला गेलेले बाप्ये असतील," मुलगा म्हणाला. "इकडून घेरा, तिकडून घेरा."

"अरे, जा! शिकारीला तोंड बंद ठेवावं लागतं, एवढंही कळेना तुला? बाईच असणार. पोर कड्याकडे रांगत निघालं असेल आणि हिचे दोन्ही हात कामात. हात मोकळे नसले की ओरडावंच लागतं."

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "असेलही, आजी. ते कुणालाच माहीत नाही." आणि विचार करायला वेळ देऊन गेल्या.

मुलाने खुर्ची पुढे ओढली. "आई, ऑपरेशन करून टाकू. माणसाला तोंडाने दोन घास तरी मिळावेत."

मावशी त्याच्याकडे न बघता सुनेकडे बघत राहिली. "माझं तोंड मिटलं की घरात सुख नांदेल. काय गं?"

सुनेने चमचा पुसून वाटीत ठेवला. "हो, आई. थोडं नांदेल."

मुलाने मान खाली घातली. मावशी मात्र खदखदून हसली. हसताना पुन्हा ठसका लागतो की काय असं वाटलं. लग्न होऊन आल्यापासून ही पोरगी पहिल्यांदाच तिला पुरून उरली होती.

"नळी घाला," ती म्हणाली. "खायला काय, म्हैसही खाते. मी बोलणार."

पोटात नळी बसली आणि मावशी घरी आली. मागच्या खोलीत खाट, खाटेशेजारी स्टूल. पूर्वी चमच्याने भरवायची तेव्हा सून त्या स्टुलावर तास-तासभर बसायची. एकेक घास, एकेक वाद. भाजी कुठून आणली, शेजारीण काय म्हणाली, गड्याने पातेलं कसं जाळलं. आता सून उभ्यानेच नळीत दूध ओतायची, वर पाणी सोडायची, टोपण लावायची आणि जायची. गाडीत पेट्रोल भरावं तसं. मावशीने वाक्य सुरू करावं तर ते संपेपर्यंत सून स्वयंपाकघरात.

हे कुणी सांगितलं नव्हतं. डॉक्टरीणबाईंनीही नाही.

सुरुवातीला कँटीनमधून मावशीला फोन यायचा. "मावशी, जरा या गड्याला झापा." मग मावशी फोनवरून अशी काही पिसं काढायची की पलीकडे पातेली वाजायची थांबत. पुढे कँटीनचा कारभार सुनेकडे आला आणि ती स्वतःच झापायला शिकली. फोन यायचे ते सुनेला. मुलगा संध्याकाळी दारातून डोकावून म्हणायचा, "बरी आहेस ना?" आणि उत्तराआधीच पायातले बूट काढायला वळायचा. ज्या आवाजासाठी तिने घास सोडला होता, तो आवाज दिवसचे दिवस तोंडात पडून राहायचा. खाटेवर पडल्या पडल्या ती कधी कधी कड्याजवळच्या, पहिल्यांदा ओरडलेल्या त्या बाईचा विचार करायची. पोराने वळून पाहिलंच नसतं, तर ती पुन्हा बोलली असती का?

एकच श्रोता होता. पाळण्यातली नात, ठकी. सगळं ऐकून घ्यायची आणि चकार शब्द काढायची नाही. "तू बाई माझ्या तोडीची," मावशी म्हणायची. "जरा घसा खाली येऊ दे, मग बघू."

त्या सकाळी सुनेने ठकीच्या तोंडात बाटली दिली, उशीला टेकवली, आणि फोन वाजला म्हणून अंगणात गेली. मावशी छताकडे बघत होती. दूध ओढण्याचा चुटूचुटू आवाज थांबला. मग एक बारीक खरखर. असला आवाज पाळण्यातून आजवर आला नव्हता. मावशीला तो चांगला ओळखीचा होता.

तिने डाव्या हाताने स्वतःला खाटेच्या कडेला ओढलं. पाळणा चार हात लांब. पाय हलेना.

"अगं एऽऽ! धाव! पोरीला ठसका लागलाय!"

छताचा पत्रा थरथरला. सून फोन टाकून आली, पोरीला हातावर पालथी घातली, पाठीत थापट्या दिल्या. दूध भळकन बाहेर आलं आणि ठकीने टाहो फोडला.

सून मटकन स्टुलावर बसली. किती दिवसांनी बसली होती! ठकीचं ओलं झबलं तिने दोन्ही मुठींत आवळून धरलं होतं. मावशीच्या जिभेवर सगळा दारूगोळा तयार होता. बाटली टेकवून जातेस, फोन मोठा की पोर मोठं, आईबापांनी हेच शिकवलं का? तिने सुनेच्या हातांकडे पाहिलं.

"बस जरा," ती म्हणाली. आवाज फाटला होता. शब्दामागे खोकला आला आणि तो थांबता थांबेना. छातीत काहीतरी घरघरत राहिलं.

"आई, पाणी..." सून सवयीने उठली आणि तिथेच थबकली. पाणी तरी कुठल्या तोंडाने द्यायचं?

अंगणात फोन पुन्हा वाजू लागला. सून तशीच उभी.

"जा," मावशी म्हणाली. "जेवणाची वेळ झाली असेल. गडी खोळंबले असतील."

पोरीला खांद्यावर घेऊन सून गेली. अंगणातून ठकीचा बारीक खोकला येत होता. मध्येच एक नवा, घशात घोळवलेला आवाज.

"घसा खाली यायला लागला. बोलेल आता ती," मावशी म्हणाली.

समोर स्टूल होतं. त्याच्यावर दुधाचा ओला डाग होता.